संगीतसूर्याची मंडळी : केशवराव भोसले यांच्या संघटनकार्याचा विचार

मराठी रंगभूमीचा इतिहास सांगताना आपण बहुधा नटांची नावे घेतो, नाटककारांची नावे घेतो आणि गायकीच्या पिढ्या मोजतो. ज्याने या सर्वांना एका छताखाली आणले, त्यांच्या जेवणाखाण्याची आणि प्रवासाची सोय पाहिली, पडदे व पोषाख सांभाळले, कोणते नाटक घ्यावयाचे आणि कोणते नाकारावयाचे याचा निर्णय केला, तो संघटक मात्र इतिहासाच्या समासात राहतो. तो स्वतः नामवंत नट असेल तर ही उपेक्षा अधिकच होते. कारण त्याच्या अभिनयाच्या प्रकाशात त्याचे दुसरे कर्तृत्व दिसेनासे होते. केशवराव भोसले यांच्या बाबतीत नेमके हेच घडले आहे, असे आम्हांस वाटते. ‘संगीतसूर्य’ या पदवीने मराठी रसिकांनी त्यांच्या गळ्याचा गौरव केला, तो सर्वथा योग्यच होता. परंतु गळा माणसाबरोबर जातो. केशवरावांनी उभी केलेली मंडळी मात्र त्यांच्याबरोबर गेली नाही. तिचे टिकणे हाच प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

हा विषय आज घेण्यास एक विशेष कारण आहे. सातपुड्याच्या दक्षिण उतारावर, नागपूर-छिंदवाडा मार्गावर सौसर तालुक्यात बोरगाव हे गाव आहे. आज ते औद्योगिक वसाहतीमुळे ओळखले जाते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी प्रांतांची पुनर्रचना झाली, त्या वेळी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि छिंदवाडा जिल्हा मध्य प्रदेशात राहिला. २०२३ साली त्यातून पांढुर्णा आणि सौसर हे दोन तालुके वेगळे काढून पांढुर्णा जिल्हा करण्यात आला. या पट्ट्यात चुलीजवळची भाषा मराठी आणि कचेरीतली भाषा हिंदी, अशी स्थिती आहे. अशा सीमाभागात नाटक, भजन किंवा कीर्तन यांसाठी चार माणसे जमविणाऱ्या कार्यकर्त्यासमोर एक प्रश्न सदैव उभा असतो : हे सारे माझ्यामागे राहील काय? एका उत्साही माणसाच्या बळावर मंडळ उभे राहते, आणि तो माणूस थकला, गाव सोडून गेला वा निवर्तला की पडद्यांची पेटी कोणाच्या तरी माळ्यावर जाऊन पडते. हा अनुभव सीमाभागातील कोणत्याही शिक्षकास नवा नाही. त्या प्रश्नाचे उत्तर शोधताना आम्हांस केशवरावांचे चरित्र उपयोगी वाटते. कारण त्यांनी आपली मंडळी स्थापली तीही पुण्यात वा मुंबईत नव्हे, तर हुबळीसारख्या कानडी मुलखातील शहरात.

किंबहुना मराठी रंगभूमीच्या घडणीत भाषेच्या सीमांचा वाटा किती मोठा आहे, हे एकदा नीट पाहिले पाहिजे. १८४३ साली सांगलीस विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणले, त्यामागे कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींच्या खेळाची प्रेरणा होती. सांगलीचे अधिपती चिंतामणराव पटवर्धन यांनी तो खेळ पाहून तसा प्रयोग मराठीत करण्यास भाव्यांना सांगितले, हे प्रसिद्धच आहे. १८८० साली पुण्यास ‘शाकुंतल’ करून संगीत नाटकाला निश्चित रूप देणारे अण्णासाहेब किर्लोस्कर हे बेळगावकडील गुर्लहोसूरचे. १९१८ मध्ये बळवंत संगीत मंडळीच्या स्थापनेत ज्यांचा प्रमुख भाग होता, ते दीनानाथ मंगेशकर गोव्यातील मंगेशीचे. ज्याला आपण मराठी रंगभूमीचे हृदयस्थान मानतो त्याला रक्त पुरविणाऱ्या अनेक वाहिन्या अशा कडेच्या प्रदेशांतून आलेल्या आहेत. सीमेवरच्या माणसाला आपली भाषा गृहीत धरून चालत नाही. ती त्याला जपावी आणि मिरवावी लागते. त्यातून संघटनेची बुद्धी जागी होत असावी, असे अनुमान करण्यास प्रत्यवाय नाही.

केशवरावांचा जन्म कोल्हापुरात ९ ऑगस्ट १८९० रोजी झाला. घरची स्थिती हलाखीची होती, आणि ज्या वयात मुले शाळेत पहिली अक्षरे गिरवितात त्या वयात ते स्वदेशहितचिंतक नाटक मंडळीत दाखल झाले. त्या काळच्या नाटक मंडळीत मुलाला घालणे म्हणजे त्याला एका फिरत्या गुरुकुलात घालणे होते. मंडळीचा मुक्काम आज एका गावी, तर दोन महिन्यांनी दुसऱ्या गावी. बिऱ्हाड एकत्र, पंगत एकत्र, तालीम एकत्र. पहाटे गळ्याची मेहनत, दुपारी नकला पाठ करणे, रात्री खेळ, आणि खेळ नसेल त्या दिवशी मोठ्यांची कामे पाहणे. ज्याला शाळा मिळाली नाही त्याला ही मंडळीच शाळा झाली. परंतु या शाळेत बालनटाचे मोल त्याच्या कोवळ्या आवाजापुरते असे. आवाज फुटला की त्याचे पुढे काय होणार, याची चिंता करणारा कोणी असेलच असे नव्हे.

गोविंद बल्लाळ देवल यांची ‘शारदा’ १८९९ साली प्रथम रंगभूमीवर आली. म्हाताऱ्या वराशी विवाह लावून दिल्या जाणाऱ्या अल्पवयीन मुलीचे हे नाटक. स्वदेशहितचिंतक मंडळीच्या प्रयोगात बाल केशवरावांनी शारदेची भूमिका केली आणि त्या एका भूमिकेने त्यांचे नाव महाराष्ट्रभर झाले. येथे एका गोष्टीकडे आम्ही लक्ष वेधू इच्छितो. ज्या मुलाचे लौकिक आयुष्य एका सामाजिक नाटकाने उजळले, त्याने पुढे स्वतःची मंडळी काढल्यावर सामाजिक नाटकांना जे स्थान दिले ते योगायोगाने दिले असे म्हणवत नाही. रंगभूमीवर उच्चारलेला शब्द प्रेक्षागृहातील बापाला आणि मुलीला कसा जाऊन भिडतो, हे त्याने मिसरूड फुटण्यापूर्वीच अनुभवले होते.

१ जानेवारी १९०८ रोजी हुबळी येथे केशवरावांनी ललितकलादर्श नाटक मंडळीची स्थापना केली. त्या वेळी त्यांचे वय सतरा वर्षांचे होते. सतरा वर्षांच्या मुलाने नाटक मंडळी काढणे म्हणजे केवळ स्वतःच्या गाण्याची सोय करणे नव्हे. नटांचे पगार, वादकांची व्यवस्था, स्वयंपाकी, शिंपी, सुतार, पडदे ओढणारे, सामानाच्या पेट्या, आगगाडीचे भाडे, थिएटरचा करार, पावसाळ्यातील रिकामे दिवस, या साऱ्यांचा भार अंगावर घेणे होय. त्यात हुबळी हे धारवाड जिल्ह्यातील कापसाच्या पेठेचे आणि आगगाडीच्या जंक्शनचे शहर. तेथे मराठी नाटकाला प्रेक्षक होता, परंतु तो प्रेक्षक घरी कानडी बोलणाराही होता. ज्याला मराठी शब्द अर्धाच कळतो त्याच्यापर्यंत नाटक पोचवायचे तर गाणे, अभिनय आणि दृश्य या तिन्हींची बाजू भक्कम असावी लागते. पुढे ललितकलादर्शाचा लौकिक ज्या गोष्टींवर उभा राहिला त्यांत या तिन्हींचा समावेश होतो, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

संघटक म्हणून केशवरावांची दृष्टी पहिल्याने प्रकट होते ती नाटकांच्या निवडीत. गायक नटाला सोपा मार्ग मोकळा होता. ‘सौभद्र’, ‘मृच्छकटिक’, ‘शारदा’ ही लोकप्रिय नाटके सांभाळावीत, पदे रंगवावीत आणि उत्पन्न घ्यावे. केशवरावांनी ती नाटके सोडली नाहीत. पण तेवढ्यावर ते थांबलेही नाहीत. अमरावतीचे वीर वामनराव जोशी हे जहाल विचारांचे देशभक्त. त्यांचे ‘राक्षसी महत्त्वाकांक्षा’ हे नाटक ललितकलादर्शाने रंगभूमीवर आणले आणि केशवरावांची त्यातील मृणालिनी गाजली. वऱ्हाडातील एका लेखकाचा आवाज कोल्हापूरच्या नटाने हुबळीत जन्मलेल्या मंडळीकडून साऱ्या महाराष्ट्राला ऐकविला, ही घटना आमच्या विदर्भ-सीमेवरील वाचकांस विशेष जिव्हाळ्याची वाटेल.

त्यानंतर भार्गवराम विठ्ठल ऊर्फ मामा वरेरकर यांचा प्रवेश झाला. १९१६ साली ललितकलादर्शाने त्यांचे ‘हाच मुलाचा बाप’ हे हुंड्याच्या चालीवर प्रहार करणारे नाटक रंगभूमीवर आणले. पुढे १९१९ मध्ये ‘संन्याशाचा संसार’ आले. पुराणातील राजे आणि इतिहासातील सरदार यांना सरावलेल्या प्रेक्षकासमोर त्याच्याच घरातील व्यवहार मांडणे हे धंद्याच्या दृष्टीने साहसच होते. नवा लेखक पडला तर मंडळी बुडते. जुने नाटक पडत नाही. तरीही मंडळीच्या मालकाने नव्या लेखकाला जवळ केले आणि एका नाटकावर न थांबता दुसऱ्यासाठीही रंगमंच दिला. नाटककार आणि मंडळी यांचे हे नाते पुढे कित्येक वर्षे टिकले, आणि या नात्यातूनच केशवरावांच्या पश्चात मंडळीला दिशा मिळाली.

दुसरी गोष्ट गुणी माणसे जोडण्याची. रामकृष्णबुवा वझे यांच्यासारख्या ग्वाल्हेर परंपरेच्या श्रेष्ठ गवयाचे मार्गदर्शन केशवरावांनी घेतले आणि त्यांच्या चालींचा लाभ मंडळीला करून दिला. स्वतः लोकप्रियतेच्या शिखरावर असलेल्या गायक नटाने गुरूपुढे बसणे, आणि ते शिक्षण स्वतःपुरते न ठेवता साऱ्या मंडळीच्या उपयोगी आणणे, यात विनयाबरोबर व्यवहारदृष्टीही आहे. पुरुषोत्तम श्रीपत काळे यांच्यासारख्या चित्रकाराच्या कुंचल्यास मंडळीच्या नेपथ्यात वाव मिळाला. पूर्वी एकच राजवाड्याचा पडदा पाच नाटकांना चालत असे; सामाजिक नाटकाला मात्र प्रसंगानुरूप दिवाणखाना, ओसरी, रस्ता यांची गरज होती. नाटकाचा विषय बदलला म्हणून देखावा बदलला, आणि देखावा बदलला म्हणून अभिनयाची रीतही हळूहळू बदलू लागली. एका बाजूस नवा लेखक, दुसऱ्या बाजूस नवा चित्रकार आणि मध्ये रागदारीचा पाया असलेले गाणे, अशी ही जुळणी होती. जुळणी करणारा स्वतः या तिघांपैकी केवळ एका कलेचा अधिकारी होता. उरलेल्या दोन्ही कलांत दुसऱ्याचे श्रेष्ठत्व मान्य करणे हेच संघटकाचे पहिले लक्षण होय.

आता तिसऱ्या आणि आमच्या मते सर्वांत मोलाच्या गोष्टीकडे वळू. १९१३ मध्ये किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडून बालगंधर्व, गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे यांनी गंधर्व नाटक मंडळी स्थापन केली. तेव्हापासून बालगंधर्व आणि केशवराव ही दोन नावे महाराष्ट्रात तुलनेनेच उच्चारली जाऊ लागली. गावोगावच्या रसिकांत दोन पक्ष पडले. एकाला गंधर्वांच्या लालित्याचे वेड, तर दुसऱ्याला केशवरावांच्या दमदार तानेचे. अशी चुरस मंडळीच्या उत्पन्नाला पोषकच असते; म्हणून ती मिटविण्याची घाई कोणत्याही मालकाला नसते.

१ ऑगस्ट १९२० रोजी लोकमान्य टिळक निवर्तले. १९२१ मध्ये काँग्रेसने टिळक स्वराज्य फंडासाठी एक कोटी रुपये जमविण्याचा संकल्प केला. त्या फंडाच्या साह्यार्थ ८ जुलै १९२१ रोजी मुंबईच्या बालीवाला थिएटरात कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांच्या ‘मानापमान’ नाटकाचा संयुक्त प्रयोग झाला. भामिनी बालगंधर्व आणि धैर्यधर केशवराव. दोन प्रतिस्पर्धी मंडळींचे दोन मालक, ज्यांच्या नावाने रसिक एकमेकांशी भांडत, ते एका रंगमंचावर एकमेकांसमोर उभे राहिले.

या प्रयोगाचे वर्णन बहुधा गाण्याची जुगलबंदी म्हणून केले जाते. कोणाचे कोणते पद अधिक रंगले, याच्या कथा अजून सांगितल्या जातात. आम्ही त्याकडे निराळ्या दृष्टीने पाहतो. ‘मानापमान’ हे किर्लोस्कर मंडळीने १९११ साली रंगभूमीवर आणलेले आणि पुढे बालगंधर्वांच्या भामिनीशी एकरूप झालेले नाटक. म्हणजे केशवराव हे प्रतिस्पर्ध्याच्या हुकमी नाटकात, त्याच्या घरच्या मैदानावर उतरले होते. शिवाय ज्याने शारदा आणि मृणालिनी म्हणून कीर्ती मिळविली, तो येथे नायकाच्या पुरुषभूमिकेत होता. हरण्याची भीती ज्याला अधिक त्याने ही जोखीम घेतली, आणि ती स्वतःच्या मंडळीच्या लाभासाठी घेतली नाही. नाटक मंडळी ही केवळ पोट भरण्याची सोय नसून समाजाच्या कार्यात हात देणारी संस्था आहे, ही जाणीव दोघाही मालकांच्या ठिकाणी होती म्हणूनच हा योग घडला. श्रेय दोघांचेही आहे. आम्ही केवळ केशवरावांच्या वाट्याचा उल्लेख अधिक स्पष्टपणे करीत आहोत.

या प्रयोगानंतर तीन महिनेही झाले नाहीत तोच, ४ ऑक्टोबर १९२१ रोजी केशवराव निवर्तले. वय अवघे एकतीस. मंडळीचा सूत्रधार, प्रमुख नट आणि प्रमुख गायक एकाच दिवशी नाहीसा झाला. व्यक्तीवर उभी असलेली संस्था अशा वेळी कोसळावी हा जगाचा नियम. ललितकलादर्श कोसळली नाही. व्यंकटेश बळवंत ऊर्फ बापूराव पेंढारकर यांनी ती हाती घेतली आणि १९२२ मध्येच वरेरकरांचे ‘सत्तेचे गुलाम’ रंगभूमीवर आणले. त्यानंतर अस्पृश्यतेच्या प्रश्नाला हात घालणारे ‘तुरुंगाच्या दारात’, आणि गिरणीकामगारांच्या जीवनाकडे वळणारे ‘सोन्याचा कळस’ ही वरेरकरांची नाटके याच मंडळीने केली. म्हणजे नट बदलला, मालक बदलला, परंतु धोरण बदलले नाही.

येथे कोणी असा आक्षेप घेईल की, मंडळी टिकली ती बापूरावांच्या कर्तबगारीने. त्याचे श्रेय मृत संस्थापकाला का द्यावे? आक्षेप वजनदार आहे, आणि बापूरावांचा मोठेपणा कमी करण्याचा आमचा हेतू नाही. परंतु एका गोष्टीचा विचार व्हावा. वारस कर्तबगार असला तरी त्याला काही वारसा मिळावा लागतो. केवळ केशवरावांच्या तानांवर चालणारी मंडळी बापूरावांच्या हाती आली असती, तर त्यांना प्रेक्षकाची निराशाच पदरी घ्यावी लागली असती. कारण गेलेल्या गळ्याची नक्कल होत नाही. त्यांच्या हाती आली ती एक रीत : नवा विषय, नवा लेखक, नेटके नेपथ्य आणि शिस्तीची तालीम. रीत ही दुसऱ्याला देता येते. किर्लोस्कर मंडळीही अण्णासाहेबांच्या १८८५ मधील मृत्यूनंतर टिकली, हे खरे. पण तिला प्रत्येक वळणावर भाऊराव कोल्हटकर किंवा बालगंधर्व यांच्यासारख्या असामान्य गळ्याचा आधार मिळत गेला. ललितकलादर्शाने आधार घेतला तो मुख्यतः नाटककाराचा. हा भेद आम्हांस महत्त्वाचा वाटतो.

१९३७ साली बापूराव पेंढारकरही गेले. तोवर बोलपटाने नाटक मंडळ्यांचा कणा मोडला होता; एकामागून एक नामांकित मंडळ्यांची बिऱ्हाडे उठली होती. अशा पडत्या काळात, १९४२ मध्ये, बापूरावांचे चिरंजीव भालचंद्र पेंढारकर यांनी ललितकलादर्शाचे पुनरुज्जीवन केले. ‘दुरितांचे तिमिर जावो’, ‘पंडितराज जगन्नाथ’, ‘जय जय गौरीशंकर’ या नाटकांनी संगीत रंगभूमीला पुन्हा प्रेक्षक मिळवून दिला. भालचंद्ररावांनी आपल्या आणि इतरांच्याही नाटकांचे ध्वनिमुद्रण करून ठेवण्याचा जो उद्योग आयुष्यभर चालविला, तो त्यांच्या संघटक वृत्तीचाच पुरावा आहे. २०१५ साली ते निवर्तले. १९०८ साली हुबळीस पेटविलेला दिवा अशा रीतीने तीन हातांतून शंभर वर्षांच्या पलीकडे आला. पहिल्या हातात तो जेमतेम तेरा वर्षे होता, हे मात्र विसरू नये.

केशवरावांच्या नावाला एक दगडी स्मारकही लाभले. कोल्हापूरचे राजर्षी शाहू छत्रपती यांनी १९१२ च्या सुमारास खासबागेत कुस्त्यांचे मैदान उभारले आणि त्याच्या शेजारी १९१३ ते १९१५ या काळात पॅलेस थिएटर बांधविले. पैलवान आणि नट यांना शेजार देणारा हा राजा कलेला राजवाड्याबाहेर आणू पाहत होता. १९५७ साली त्या नाट्यगृहास केशवराव भोसले नाट्यगृह असे नाव देण्यात आले. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री, म्हणजे केशवरावांच्या जयंतीच्या पूर्वसंध्येस, त्या वास्तूस आग लागून तिचा मोठा भाग भस्मसात झाला. कोल्हापूरचे कलावंत त्या रात्री रडले, आणि दुसऱ्या दिवशी जयंतीचे फूल वाहावयाचे ते राखेजवळ वाहावे लागले, याची हळहळ साऱ्या महाराष्ट्राने अनुभवली.

वास्तूचे मोल आम्ही कमी लेखत नाही. चांगले नाट्यगृह नसल्याने किती हौशी मंडळांची परवड होते, हे सीमाभागातील वाचकांना सांगण्याची आवश्यकता नाही. परंतु या दुर्घटनेने एक गोष्ट स्पष्ट केली. केशवराव गेल्यावरही त्यांची मंडळी चालत राहिली. तिला कायमचे छप्पर असे नव्हतेच. ती एका गावाच्या भाड्याच्या थिएटरातून दुसऱ्या गावाच्या भाड्याच्या थिएटरात जात राहिली. तिचे घर होते ते तिच्या रीतीत.

म्हणून बोरगाव, सौसर, पांढुर्णा, बेळगाव, बिदर वा आदिलाबाद यांसारख्या ठिकाणी मराठी कलेसाठी माणसे जमविणाऱ्यांनी केशवरावांकडून काय घ्यावे, याचे उत्तर त्यांच्या तानांत शोधण्याचे कारण नाही. जुन्या यशस्वी नाटकाबरोबर दर वर्षी एक नवे नाटक करावे. गावातील किंवा शेजारच्या जिल्ह्यातील लेखकाला एकदा नव्हे, दोनदा संधी द्यावी. ज्या कलेत आपण कमी आहोत तिच्यात दुसऱ्याला वरचे आसन द्यावे. शेजारच्या गावचे प्रतिस्पर्धी मंडळ समाजकार्यासाठी हाक देईल तेव्हा त्याच्या नाटकात दुय्यम मान घेऊनही उभे राहावे. आणि आपल्या हयातीतच दुसऱ्या कोणाला तरी सारी व्यवस्था शिकवावी. यांपैकी एकाही गोष्टीला दैवी गळा लागत नाही. राज्याश्रयही लागत नाही, आणि आपले गाव राज्याच्या सीमारेषेच्या कोणत्या बाजूस पडले आहे यानेही काही अडत नाही.

शाळांतून मराठी नाटकाचा इतिहास शिकविणाऱ्या आमच्या शिक्षकबंधूंना आमची एक विनंती आहे. केशवराव भोसले यांचे नाव येईल तेव्हा विद्यार्थ्यांना त्यांच्या गाण्याची थोरवी अवश्य सांगावी. परंतु त्याबरोबर हेही सांगावे की, सतरा वर्षांच्या एका मुलाने परभाषिक शहरात नाटक मंडळी काढली आणि ती त्याच्यामागे चालू राहिली. वर्गातील बहुतेक मुलांना केशवरावांसारखे गाता येणार नाही. मंडळी मात्र त्यांच्यापैकी कोणीही काढू शकेल.